भिंत काढली, गर्डर घातला : 16 फुटी गाळ्याचा हिशोब

साताऱ्यातलं आमचं घर 1974 सालचं. तळमजला आधी बांधला, वरचा मजला नऊ-दहा वर्षांनी चढला. कॉलम-बिमचा सांगाडा नाही, सगळा भार नऊ इंची विटांच्या भिंतींवर. तळमजल्यावर पुढची आणि मधली अशा दोन खोल्या आहेत, प्रत्येक 10 बाय 16 फूट. त्या एक करून तिथे मुलींसाठी अभ्यासिका काढायची, हे माझ्या मनात बरीच वर्षं होतं. गावाकडून येऊन खोली घेऊन राहणाऱ्या, स्पर्धा परीक्षा देणाऱ्या मुलींना रात्री नऊनंतर निवांत बसायला जागा मिळत नाही. मी शाळेत गणित शिकवते, त्यामुळे या मुली डोळ्यांसमोर असतात. आड येत होती ती दोन खोल्यांमधली 16 फूट लांबीची भिंत.

ही भिंत नुसती आडोशाची नव्हती. दोन्ही खोल्यांची लहान बाजू 10 फुटांची, आणि स्लॅबच्या मुख्य सळया लहान बाजूने जातात. म्हणजे दोन्हीकडचा स्लॅब याच भिंतीवर येऊन टेकलेला. त्यावर, बरोबर याच रेषेत, वरच्या मजल्याची भिंत. त्या भिंतीच्या एका अंगाला सासूबाईंची खोली, तिथेच त्या झोपतात. त्या भिंतीवर गच्चीचा स्लॅब. खालची भिंत काढायची तर हे सगळं दुसऱ्या कशाने तरी तोलून धरायला हवं होतं.

पहिल्यांदा आमच्या भागातल्या एका फॅब्रिकेटरला बोलावलं. त्याने टेपने लांबी घेतली आणि म्हणाला, "वहिनी, आठ इंची दोन गर्डर टाकू. आठ इंची गर्डर वीस फुटापर्यंत आरामात चालतो, तुमचं तर सोळाच आहे." माणूस प्रामाणिक होता, आणि त्याच्या कामापुरतं तो बोलला ते खोटंही नव्हतं. तो पत्र्याच्या शेड करतो. शेडमध्ये वर पत्रा, त्याखालच्या आडव्या पर्लिन-पट्ट्या आणि वारा एवढंच असतं, आणि तिथे आठ इंची गर्डर 20 फूट सहज जातो. पण त्याच्या वाक्यात वर काय आहे हे कुठेच नव्हतं. मी त्याला विचारलं, "वरची भिंत आणि दोन स्लॅब धरून सांगताय ना?" तो म्हणाला, "लोखंड आहे वहिनी, त्याला काय होतंय." तिथेच मी स्ट्रक्चरल इंजिनिअरकडे जायचं ठरवलं. आमच्या पेठेत कितीतरी दुकानांच्या दर्शनी भिंती अशाच तोंडी हिशोबावर निघाल्या आहेत, आणि त्यांतल्या काहींच्या वरच्या मजल्यावर तिरक्या भेगा रस्त्यावरून दिसतात.

इंजिनिअर आले ते आधी गच्चीवर गेले, मग वरच्या मजल्यावर, आणि शेवटी आम्हाला काढायच्या भिंतीपाशी. भार वरून खाली येतो, म्हणून बघायचंही वरून खाली, असं त्यांनी सांगितलं. गच्चीवर विटांच्या तुकड्यांचा कोबा किती जाड आहे हे एका कोपऱ्यात फोडून पाहिलं. वरच्या भिंतीला दार-खिडकी कुठे आहे ते मोजलं. स्लॅबची जाडी जिन्याच्या तोंडाशी मोजली, पाच इंच निघाली. विटांमधला माल खिळ्याने खरवडून पाहिला. खालच्या भागात चुना-वाळू होती, सिमेंट नव्हतं. खिळा सहज आत जात होता, आणि ते बघून त्यांनी वहीत काहीतरी लिहून दोनदा अधोरेखित केलं. त्याचा अर्थ मला नंतर कळला.

हिशोबाचा कागद मी त्यांच्याजवळ बसून समजून घेतला. दोन्ही खोल्या 10 फुटी, म्हणून प्रत्येक बाजूचा अर्धा स्लॅब या भिंतीवर येतो. पाच अधिक पाच, म्हणजे 10 फुटांचा, सुमारे 3 मीटरचा पट्टा. काँक्रीटचं वजन घनमीटरला अडीच टन. त्यावर फरशी, खाली गिलावा, आणि राहत्या खोलीसाठी भारतीय मानकात धरलेला माणसं-सामानाचा भार, चौरस मीटरला 200 किलो. हे सगळं धरून वरच्या मजल्याच्या जमिनीकडून भिंतीच्या दर मीटर लांबीवर 1.9 टन. गच्चीचा स्लॅब आणि त्यावरचा जड कोबा मिळून जवळपास 2 टन. वरची नऊ इंची भिंत गिलाव्यासकट 1.4 टन. गर्डरचं स्वतःचं वजन आणि त्याच्यावर शिल्लक ठेवायचे विटांचे थर मिळून 0.2 टन. बेरीज मीटरला साडेपाच टन. आधारांच्या मध्यापासून मध्यापर्यंतचं अंतर, ज्याला गाळा म्हणतात, 4.7 मीटर. म्हणजे एकूण 26 टनांच्या आसपास. माझ्या सासूबाई ज्या भिंतीला पाठ लावून जप करतात तिच्याखाली 26 टन लटकणार होते. हा आकडा कागदावर पाहिल्यावर "लोखंड आहे, काय होतंय" हे वाक्य मला फार घाबरवणारं वाटलं.

आता गर्डर किती इंची, म्हणजे किती उंचीचा. इथे दोन वेगळे प्रश्न असतात आणि दोन्हींना वेगवेगळं उत्तर द्यावं लागतं. एक, गर्डर मोडेल का? म्हणजे पोलाद आपली ताकद ओलांडून कायमचं वाकेल का? दुसरा, न मोडताही तो किती लचकेल? वरची वीट-भिंत ताठ आणि ठिसूळ असते. गर्डर शाबूत राहिला तरी त्याच्या लवण्याने भिंतीला भेग जातेच.

पहिल्या प्रश्नासाठी वाकवणारा जोर काढायचा. सारख्या पसरलेल्या भाराला तो 'मीटरमागचा भार गुणिले गाळ्याचा वर्ग, भागिले आठ'. एक टन म्हणजे साधारण 10 किलोन्यूटन धरून आमच्या बाबतीत तो 152 किलोन्यूटन-मीटर आला. आयएस 800 या पोलादी बांधकामाच्या भारतीय मानकाप्रमाणे भाराला दीडपट धरतात, म्हणजे 228. साध्या पोलादाची ताकद दर चौरस मिलिमीटरला 250 न्यूटन, आणि तिलाही 1.1 ने भागून थोडी कमी धरतात. फॅब्रिकेटरच्या आठ इंची जोडीची, म्हणजे दोन आयएसएमबी 200 ची (आयएसएमबी हा आय आकाराच्या गर्डरचा मानक प्रकार, पुढचा आकडा मिलिमीटरमधली उंची), क्षमता 115 निघाली. लागते त्याच्या निम्मी. दहा इंची जोडी, आयएसएमबी 250, साधारण 212 वर अडली. बारा इंची, आयएसएमबी 300 ची जोडी 296 वर गेली.

दुसऱ्या प्रश्नाने तर चित्र आणखी स्पष्ट केलं. मध्यभागी गर्डर किती लवेल याच्या सूत्रात गाळा चौथ्या घाताने येतो. म्हणजे तोच गर्डर, मीटरमागे तेवढाच भार, फक्त गाळा दुप्पट केला तर वाकवणारा जोर चौपट होतो आणि लवणं सोळापट. मी वर्गात घात शिकवताना मुलांकडून हे कशाला लागतं असं विचारलं जातं, त्याचं इतकं ठोस उत्तर मला कधी सुचलं नव्हतं. आठ इंची जोडी 39 मिलिमीटर लवली असती, म्हणजे दीड इंच. दहा इंची 17 मिलिमीटर. बारा इंची 10 मिलिमीटर, आमच्या गवंड्याच्या भाषेत सव्वातीन सूत. तडा जाऊ शकेल असं काही वर असेल तर मानकातली मर्यादा गाळ्याच्या 360 व्या भागाची, आपल्याकडे 13 मिलिमीटर. ही मर्यादा मुळात चढ-उतार होणाऱ्या भारासाठी आहे, पण वर जुनी वीट-भिंत असल्याने इंजिनिअरांनी ती एकूण भाराला लावली. मला ते पटलं.

आठ इंचीपेक्षा बारा इंची गर्डर वजनाला पावणेदोनपट, पण ताठपणाला पावणेचारपटीहून जास्त. आय आकाराच्या तुळईत पोलाद वर आणि खाली, म्हणजे मध्यरेषेपासून जितकं लांब, तितकं ते जास्त कामाला येतं. म्हणून उंची वाढवणं हा सगळ्यात स्वस्त उपाय. याच न्यायाने एकच आयएसएमबी 400 घातला असता तर तो जोडीपेक्षा हलका पडूनही 8-9 मिलिमीटरच लवला असता. पण मग डोक्यावर चार इंच कमी झाले असते, आणि त्याची वरची आडवी पट्टी 140 मिलिमीटर रुंद, वर भिंत 230 ची. भिंतीचे दोन्ही काठ अधांतरी राहिले असते. दोन बारा इंची शेजारी शेजारी ठेवले की 280 मिलिमीटर रुंदी मिळते आणि गिलाव्यासकट भिंत तीवर पूर्ण बसते.

इंजिनिअरांनी आणखी एक पर्याय पुढे ठेवला होता, तो इथे सांगायलाच हवा. मधोमध एक खांब. गाळा निम्मा झाला की वाकवणारा जोर एक चतुर्थांश, आणि मग आठ इंची जोडी निवांत चालली असती. लोखंड जवळजवळ निम्म्या वजनाचं लागलं असतं. दुकान असतं तर मी हेच केलं असतं, आणि ज्यांना शक्य आहे त्यांनी खांबाला नाक मुरडू नये असं माझं मत आहे. अभ्यासिकेत मात्र टेबलांची मांडणी आणि देखरेखीसाठी एका नजरेत सगळी खोली दिसणं महत्त्वाचं होतं, म्हणून आम्ही मोकळा गाळा घेतला आणि त्याचे पैसे मोजले.

आता त्या खिळ्याची गोष्ट. 26 टनांचे दोन टोकांना 13-13 टन. आधी हाच भार 16 फूट लांब भिंतीतून पसरून पायात जात होता, आता दोन ठिकाणी एकवटणार. गर्डर आडभिंतीत नुसता खोबणी करून बसवला असता तर त्याच्या टोकाखाली विटांवर चौरस सेंटिमीटरला 20 किलोच्या आसपास दाब आला असता. चुना-वाळूच्या त्या जुन्या बांधकामासाठी इंजिनिअरांनी 5 किलोच सुरक्षित धरले होते. खाली काँक्रीटचा ठोकळा घालून दाब पसरवला तरी 9-10 किलोच्या खाली येत नव्हता. म्हणून दोन्ही टोकांना आडभिंतीला लागून पोलादी खांब, दोन सहा इंची चॅनल (इंग्रजी सी आकाराचे पोलादी नग) समोरासमोर जोडून केलेली पेटी, आणि प्रत्येकाला स्वतःचा पाया. साडेचार फुटांवर घट्ट मुरूम लागला. मुरुमाला चौरस मीटरला 15 टन धरून साडेतीन फूट चौरसाचं फूटिंग आलं. भिंत काढण्याच्या गोष्टी करताना लोक गर्डरच्या आकारावर बोलतात, टोकाखाली काय आहे यावर जवळजवळ कुणीच बोलत नाही. मला तर वाटतं आधी टोकं बघावीत, मग गर्डर.

नगरपालिकेत नकाशा आणि इंजिनिअरांचं पत्र दिलं. तो भाग सरळ झाला, त्यावर जास्त लिहिण्यासारखं नाही.

लोखंड घेताना मात्र चांगलं शिकायला मिळालं. बाजारात आयएसएमबी 12 मीटरच्या आसपासच्या लांबीत येतो. फॅब्रिकेटरकडे पूर्वीच्या कामातले तुकडे पडून होते आणि दोन तुकडे मध्ये वेल्ड करून एक सलग गर्डर करू, पैसे वाचतील, असं त्याचं म्हणणं. इंजिनिअरांनी फोनवरच नाही म्हटलं. साध्या टेकलेल्या तुळईत सगळ्यात जास्त वाकवणारा जोर मधोमध असतो, आणि जोड नेमका तिथेच येणार होता. कारखान्यातल्यासारखं पूर्ण खोलीचं वेल्डिंग आणि त्याची तपासणी गल्लीत होत नाही. म्हणून सलग नग कापून घेतले. दुकानात दोन प्रकारचा माल होता. एक मोठ्या कारखान्याचा, टेस्ट सर्टिफिकेटसह, आणि दुसरा री-रोलिंगचा, म्हणजे जुनं पोलाद तापवून पुन्हा लाटलेला, किलोमागे स्वस्त. री-रोलिंगचा एक नग आम्ही मोजला. बाहेरून 300 बाय 140 बरोबर, पण व्हर्नियर लावला तर पट्टीची जाडी 12.4 मिलिमीटर असायला हवी तिथे साडेदहाच भरली. लांबून बघितलं तर दोन्ही नग जुळे भाऊ. पण ताकद त्या पट्ट्यांमध्येच असते, तिथलेच दोन मिलिमीटर गेले तर वरचा सगळा हिशोब वाया. आम्ही सर्टिफिकेटचा घेतला आणि वजनकाट्यावरही खात्री केली. मीटरला साधारण 45 किलो भरला पाहिजे, भरला.

गर्डर अंगणात आले त्या संध्याकाळी इंजिनिअरांनी एक प्रयोग दाखवला. एक नग दोन ठोकळ्यांवर आडवा, म्हणजे कुशीवर, ठेवला आणि टोकापासून टोकापर्यंत बारीक दोरी ताणली. मध्ये तीन मिलिमीटरची फट स्पष्ट दिसत होती, नुसत्या स्वतःच्या वजनाने. फॅब्रिकेटरचा पोरगा वर चढला तर तो नग हलका झुलला. मग तोच उभा केला, दोन्ही टोकांना आधार देऊन. दोरी आणि पोलाद यांत डोळ्याला फरकच दिसेना, पोरगा वर उड्या मारत होता तरी. बारा इंची गर्डरचा ताठपणा उभ्या दिशेत आडव्या दिशेच्या एकोणीसपट असतो. आणि धोका असा की लांब गाळ्यात भाराखाली वरची पट्टी दाबली जाते, दाब वाढला की ती बाजूला सटकायला बघते आणि पूर्ण गर्डर पिळत कुशीवर जातो. वाकून मोडण्याआधीच. ते टाळायला वरची पट्टी बाजूने धरून ठेवावी लागते. आमच्याकडे दोन्ही गर्डर वर-खाली पट्ट्यांनी ठरावीक अंतरावर एकमेकांना वेल्ड केले, शिवाय वर भिंतीचा माल ठासून पकड मिळाली. टोकांशी, खांबावर बसतात तिथे, मधल्या उभ्या पानाला दोन्ही अंगांनी जाड प्लेटा लावल्या, कारण ते पान फक्त साडेसात मिलिमीटर जाड, आणि 13 टन त्यातूनच खाली उतरणार. जोडण्याआधी आतल्या बाजूंना रेड ऑक्साइडचे दोन हात दिले. एकदा जोड झाला की त्या बाजूंना ब्रश कधीच पोचणार नाही.

प्रत्यक्ष कामाच्या आधी सासूबाईंना नणंदेकडे पाठवलं आणि वरची खोली रिकामी केली, कपाटंसुद्धा. जेवढा भार कमी करता येईल तेवढा करायचा. वरच्या भिंतीवर, दाराच्या कोपऱ्यांशी आणि मध्यावर, काचेच्या पातळ पट्ट्या प्लास्टर ऑफ पॅरिसने चिकटवल्या. भिंत जरा हलली तरी काच तडकते, आणि गिलाव्यावरची केसासारखी भेग डोळ्याला दिसण्याआधी कळतं.

स्लॅबच्या खाली विटांचे चार थर ठेवून त्याखाली गर्डर बसवायचा होता. छत साडेदहा फूट उंच असल्याने गर्डर घालूनही आठ फुटांच्या वर मोकळं राहत होतं. त्या चार थरांत तीन-तीन फुटांवर भोकं पाडून त्यांतून सहा इंची आय-सेक्शनचे तुकडे आरपार घातले. त्यांना निडल म्हणतात. भिंतीच्या दोन्ही अंगांनी निडलखाली जॅकचे टेकू, टेकूंखाली जाड फळ्या, म्हणजे जमिनीवरचा भार पसरेल. शिवाय दोन्ही खोल्यांत स्लॅबखाली वेगळे टेकू. गवंडीकाका टेकू भिंतीपासून तीन फूट लांब लावायला निघाले होते, काम करायला ऐसपैस जागा मिळते म्हणून. इंजिनिअरांनी ते दोन फुटांवर आणवले. निडल हीसुद्धा एक छोटी तुळईच, तिलाही गाळा आहे आणि तिच्या मधोमध काही टनांची भिंत बसणार. तिचा गाळा सहा फुटांवरून चारवर आला की तिच्यातला वाकवणारा जोर एक तृतीयांशाने उतरतो. दाटीवाटीत हात चालवावे लागले, पण कुणी कुरकुर केली नाही, कारण त्यांनी हे कागदावर काढून गवंडीकाकांना दाखवलं. मला हे फार आवडलं. काम करणाऱ्या माणसाला कारण सांगितलं की तो ते मनापासून पाळतो.

भिंत वरून खाली, थर-थर उतरवली. हातोडा आणि छिन्नी, ब्रेकर नाही, कारण धक्क्याने जुना चुना सुटतो. मग चेन-पुलीने एकेक गर्डर वर घेतला, खांबांवर टेकवला, जोडपट्ट्या वेल्ड केल्या. गर्डर आणि वरच्या विटा यांच्यात इंचभर फट मुद्दाम ठेवली होती. त्या फटीत पोलादी पाचरी, दोन्ही बाजूंनी, मध्यापासून टोकांकडे थोड्या थोड्या ठोकत गेले. पाचर घट्ट होते तसा गर्डर खाली दाबला जातो, म्हणजे भिंतीला खाली यायला न लावता आधीच त्याची काही लवण काढून घेता येते. गर्डरच्या पोटाखाली दोरी ताणलेली होती आणि तिच्याशेजारी पोलादी पट्टी घेऊन मी स्वतः बसले होते. पाचरी संपल्या तेव्हा मध्यावर 3 मिलिमीटर. मग फटीत न आकसणारा ग्राउट, म्हणजे फटी भरायचा सिमेंटचा माल, आणि कोरडा सिमेंट-वाळूचा माल लाकडी ठोक्याने ठासला आणि तो पिकायला वेळ दिला.

निडल काढायच्या दिवशी कुणी मोठ्याने बोलत नव्हतं. मधला जॅक आधी, मग दोन्हीकडचे आळीपाळीने, अर्धा-अर्धा आटा सैल करत. प्रत्येक फेरीनंतर थांबून पट्टी बघायची. वर माझा नवरा काचांपाशी उभा होता, तो प्रत्येक वेळी खिडकीतून "काही नाही" असं सांगायचा. शेवटचा टेकू निघाला तेव्हा आणखी 4 मिलिमीटर, एकूण 7. खोली रिकामी असताना, म्हणजे माणसं-सामानाशिवाय, कागदावर 8 आले होते. एकाही काचेला तडा नव्हता. मी कागदावर शिकवते ती सूत्रं इतक्या जवळून खरी होताना बघणं हा माझ्यासाठी मोठा आनंद होता. इंजिनिअरांच्या मी तिथेच पाया पडले असते, त्यांनी ते करू दिलं नाही.

नंतरची कामं लहान, पण त्यांतही जपावं लागतं. इलेक्ट्रिशियन गर्डरच्या खालच्या पट्टीत, अगदी मध्यावर, पंख्याच्या हुकासाठी भोक पाडायला ड्रिल घेऊन आला होता. त्याला थांबवलं. खालची पट्टी मध्यावर सगळ्यात जास्त ताणात असते, तिथलं पोलाद कमी करायचं नाही. हुकासाठी पट्टीला आवळून धरणारा क्लॅम्प केला. वायरीचा पाइप न्यायचाच असेल तर उभ्या पानाच्या मधल्या उंचीवर, टोकांपासून दूर, आणि तोही विचारून. गर्डर उघडा ठेवला तर दिसतो छान, पण आगीत पोलाद लवकर दगा देतं. साधारण 550 अंशांना त्याची ताकद निम्म्याच्या आसपास उरते, आणि जळत ते नाही म्हणून लोक गाफील राहतात. अभ्यासिकेत कागद-पुस्तकंच असणार. म्हणून भोवती जाळी बांधून जाड गिलावा केला.

सासूबाई परत आल्या तेव्हा त्यांनी आधी आपली भिंत बघितली, काचेच्या पट्ट्यांवरून हात फिरवला आणि त्या काढू नका म्हणाल्या. पहिला पावसाळा जाईपर्यंत ठेवायच्याच होत्या. पाया ओल्या मुरुमात थोडा बसला तर तेव्हाच कळतं. पावसाळ्यानंतर मी पुन्हा दोरी लावली. खाली मुली बसतात त्या जमिनीवर, त्यांचा भार गर्डरवर नाहीच. वर सासूबाईंचं सामान परत आलं होतं, तरी लवण 8 च्या आतच आहे.

हिशोबाचा कागद मी प्लास्टिकच्या फाइलमध्ये मीटरच्या पेटीशेजारी ठेवला आहे. गेल्या उन्हाळ्यात भाऊजींनी गच्चीवर 2,000 लिटरची टाकी बसवायचं काढलं, त्यांना सोयीची जागा नेमकी या भिंतीच्या रेषेवर, मध्यावर. फाइल घेऊन इंजिनिअरांकडे गेलो. त्यांनी त्याच कागदाखाली दोन टनांचा एकवटलेला भार मांडला. वाकवणारा जोर 228 वरून 263 वर, क्षमता 296. लवण 10 वरून साडेअकरा, मर्यादा 13. गर्डर पुरतो. फूटिंगही 15 टनांच्या आत राहतं. पण मग पुढे कधी वर काही वाढवायचं म्हटलं तर हातात फारसं उरत नाही, आणि टाकी भरते-रिकामी होते तशी ती भिंत रोज थोडी वर-खाली होणार. मागच्या कोपऱ्यात दोन भिंती काटकोनात मिळतात, तिथे टाकी ठेवली तर 12 फूट जास्त पाइप लागत होता. भाऊजींनी पाइप आणला आणि टाकी कोपऱ्यात बसवली.